जुना प्रोग्राम, नवी विंडोज आणि मागेल ती डीएलएल

प्रश्न थोडक्यात असा. व्हीबी ६ (व्हिज्युअल बेसिक ६) मध्ये लिहिलेला जुना प्रोग्राम नव्या ६४ बिट मशीनवर आणायचा आहे. सोर्स (मूळ कोड) अर्धाच हाताशी आहे. चालवला की तीन जागी अडतो. मुख्य एक्झी (चालवायची फाईल) रन टाइम एरर ३३९ देते: एमएसकॉमसीटीएल.ओसीएक्स ही खिडकीतले तयार भाग पुरवणारी फाईल सापडत नाही किंवा विंडोजकडे रजिस्टर नाही. ते कसंबसं मिटवलं की वजनकाटा वाचणाऱ्या स्वतःच्या सी++ डीएलएलच्या (इतर प्रोग्राम वापरू शकतील अशा कोडच्या फाईलीच्या) नावाने एरर ५३ येतो, म्हणजे ‘फाईल नॉट फाउंड’, आणि ती डीएलएल तर त्याच फोल्डरमध्ये डोळ्यांसमोर आहे. रिपोर्ट छापणारी वेगळी एक्झी उघडतच नाही, नुसता सी०००००७बी असा आकडा दाखवते. मध्यंतरी एका डीएलएल डाउनलोड साइटवरून एमएसव्हीसीआर७१, एमएसव्हीसीआर१०० आणि आणखी चार-पाच फाईली आणून सिस्टम३२ आणि सिसवाउ६४ या दोन्ही फोल्डरमध्ये टाकून झाल्या आहेत. शिवाय त्याच टीमचा लिनक्सवरचा जुना क्रॉस कंपायलर (दुसऱ्या जातीच्या मशीनसाठी प्रोग्राम बनवणारा) आहे. तो टर्मिनलवर ‘नो सच फाईल ऑर डिरेक्टरी’ म्हणतो, आणि फाईल तिथेच आहे.

पहिलं काम: त्या साइटवरून आणलेल्या सगळ्या फाईली दोन्ही फोल्डरमधून काढून टाका. व्हायरसची भीती आहेच, पण माझा मुख्य आक्षेप तो नाही. त्या साइटवर तुम्हाला फाईल मिळते, पण ती कुठल्या पॅकेजची, कितव्या सर्व्हिस पॅकची, ३२ बिट की ६४ बिट, ही माहिती मिळत नाही. आणि तुमच्या तिन्ही अडचणींचं उत्तर नेमकं त्या माहितीत आहे. प्रत्येक शेअर्ड फाईलला एक मालक असतो: कुठलातरी कंपायलर, त्याची रनटाइम (प्रोग्राम चालताना लागणारी लायब्ररी), किंवा प्रोग्राम लिहिणारा स्वतः. फाईल मालकाकडूनच घ्यायची असते आणि मालक सांगेल तिथेच ठेवायची असते.

सिस्टम३२ बद्दल एक गोष्ट नीट समजून घ्या, कारण नावं उलटी आहेत. ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ हा ६४ बिट फाईलींचा फोल्डर आहे आणि सिसवाउ६४ हा ३२ बिट फाईलींचा. व्हीबी ६ फक्त ३२ बिट प्रोग्राम बनवतं. असा प्रोग्राम सिस्टम३२ मध्ये डोकावला की विंडोज त्याला परस्पर सिसवाउ६४ कडे वळवते. म्हणून एक्स्प्लोररमधून सिस्टम३२ मध्ये टाकलेली ३२ बिट डीएलएल तुमच्या प्रोग्रामला दिसतच नाही. उलट तीच फाईल तिथे एखाद्या ६४ बिट प्रोग्रामच्या हाती लागली तर कालपर्यंत नीट चालणारा तो प्रोग्रामही सी०००००७बी म्हणायला लागतो. गेल्या काही दिवसांत आणखी काही बिघडलं असेल तर आधी इथे संशय घ्या.

आता त्या आकड्याचा अर्थ. सी०००००७बी म्हणजे फाईल सापडली, पण तिचा साचा जुळला नाही. दहापैकी नऊ वेळा ३२ बिट एक्झीच्या पदरात ६४ बिट डीएलएल पडलेली असते किंवा उलट, क्वचित फाईल अर्धवट डाउनलोड झालेली असते. तपासायला कुठलंही टूल लागत नाही. डीएलएलची एक कॉपी करून ती नोटपॅडमध्ये उघडा. सगळा कचरा दिसेल, पण पहिल्या काही ओळींत पी आणि ई ही रोमन अक्षरं शेजारी-शेजारी सापडतील. त्यांच्यानंतर थोडी मोकळी जागा सोडून मोठा एल दिसला तर फाईल ३२ बिट, छोटा डी आणि त्याला लागून क्रॉससारखी खूण दिसली तर ६४ बिट. यात जादू काही नाही. तिथे प्रोसेसरचा क्रमांक लिहिलेला असतो, ३२ बिटसाठी ०१४सी आणि ६४ बिटसाठी ८६६४, आणि त्यातले बाइट उलट क्रमाने अक्षरं म्हणून छापले की असे दिसतात. मी अजूनही आधी हेच करून बघतो. फक्त सेव्ह करू नका.

तुमच्या रिपोर्टच्या एक्झीजवळ किंवा सिसवाउ६४ मध्ये ६४ बिट एमएसव्हीसीआर१०० बसलेली निघेल असा माझा अंदाज आहे. ती उडवा आणि व्हिज्युअल सी++ २०१० चं अधिकृत रीडिस्ट्रिब्युटेबल पॅकेज टाका, त्यातलं एक्स८६ म्हणजे ३२ बिटचं. मशीन ६४ बिट आहे म्हणून एक्स६४ घेण्याची चूक फार जण करतात. इथे प्रोग्रामचा बिट बघायचा, मशीनचा नाही. शंका वाटली तर दोन्ही टाका, ती एकमेकांच्या आड येत नाहीत.

मालक ओळखायची किल्ली फाईलीच्या नावातल्या आकड्यात आहे. ७० म्हणजे व्हिज्युअल स्टुडिओ २००२, ७१ म्हणजे २००३, ८० म्हणजे २००५, ९० म्हणजे २००८, पुढे १००, ११०, १२० म्हणजे अनुक्रमे २०१०, २०१२, २०१३. १३० कधी आलीच नाही. २०१५ पासून नाव बदलून व्हीसीरनटाइम१४० झालं आणि तेव्हापासून २०२२ पर्यंतच्या आवृत्त्यांना एकच पॅकेज पुरतं. व्हीबीची वंशावळही अशीच: व्हीबी ३ ची व्हीबीरन३००, व्हीबी ४ ची व्हीबी४००३२, व्हीबी ५ ची एमएसव्हीबीव्हीएम५० आणि व्हीबी ६ ची एमएसव्हीबीव्हीएम६०. यातली शेवटची आजच्या विंडोजबरोबरच येते, तिला हात लावायचा नाही. व्हीबीरन३०० मागणारा प्रोग्राम मात्र १६ बिट असतो. ६४ बिट विंडोजवर तो कुठलीही फाईल आणली तरी चालणार नाही, त्याला व्हर्च्युअल मशीनच हवं.

व्हिज्युअल सी++ ६ आणि त्याच्या आधीच्या आवृत्त्यांचं प्रकरण जास्त किचकट आहे, कारण तिथे नावात आवृत्ती बदललीच नाही. ४.२, ५ आणि ६ या तिन्हींची एमएफसी (खिडक्या-मेन्यू बनवायची सी++) लायब्ररी एकाच नावाने आली, एमएफसी४२. आतला माल वेगळा. त्यात एमएफसीची फंक्शनं नावाने नाही, क्रमांकाने ओळखली जातात. त्यामुळे जुनी फाईल नवीवर बसली की ‘ऑर्डिनल अमुक सापडला नाही’ एवढाच निरोप येतो आणि त्यावरून कुणाला काही उमगत नाही. सी ची रनटाइम एमएसव्हीसीआरटी हीसुद्धा त्याच काळातली. ती पुढे विंडोजने स्वतःच्या ताब्यात घेतली. आज ती सिस्टमच्या ठरलेल्या यादीत आहे आणि तुम्ही एक्झीच्या शेजारी वेगळी कॉपी ठेवलीत तरी विंडोज तिच्याकडे बघणार नाही.

नावाच्या शेवटी जादा डी दिसला, जसं एमएफसी४२डी किंवा एमएसव्हीसीआरटीडी, तर ती फाईल शोधूच नका. ती डीबग आवृत्ती आहे. कुणीतरी प्रोग्राम रिलीज मोडमध्ये बिल्ड करायला विसरून तसाच पुढे पाठवला. डीबग रनटाइम वाटायला परवानगी नसते, म्हणून ती कुठल्याही रीडिस्ट्रिब्युटेबलमध्ये नसते. सोर्स असेल तर रिलीज बिल्ड करा. नसेल तर ज्याने पाठवला त्याच्याकडे मागा.

आता एरर ५३. व्हीबी ६ मध्ये डिक्लेअर (बाहेरचं फंक्शन जाहीर करणारी ओळ) लिहून सी++ ची डीएलएल बोलावली आणि ती लोड झाली नाही, की व्हीबी एवढंच म्हणतं: फाईल सापडली नाही, आणि नाव सांगतं तुमच्या डीएलएलचं. प्रत्यक्षात ती सापडलेली असते. तिला स्वतःला जी दुसरी डीएलएल लागते ती सापडलेली नसते. व्हीबीला आतल्या गोष्टीचा पत्ता नाही, त्याने बोलावलेल्या पाहुण्याचं नाव सांगून ते मोकळं होतं. तुमच्या बाबतीत आतली फाईल म्हणजे एमएसव्हीसीआर७१, असं तुम्ही दिलेल्या माहितीवरून दिसतं.

या ७१ चा मालक कोण, हा प्रश्न जरा विचित्र आहे. २००५ पासून पुढच्या प्रत्येक आवृत्तीचं मायक्रोसॉफ्टचं पॅकेज आहे, २००३ चं नाही. त्या वेळचं धोरण असं होतं की प्रोग्राम लिहिणाऱ्याने ही फाईल आपल्या प्रोग्रामच्या फोल्डरमध्ये घेऊन यावी, सिस्टमच्या फोल्डरमध्ये टाकू नये. म्हणून ती मूळ इन्स्टॉलरच्या सीडीत, जुन्या मशीनवर त्या प्रोग्रामच्या फोल्डरमध्ये किंवा व्हिज्युअल स्टुडिओ २००३ च्या सीडीवर शोधा. व्हिज्युअल फॉक्सप्रो ९ चे प्रोग्रामही हीच फाईल घेऊन यायचे आणि जावा ६ च्या बिन फोल्डरमध्येही ती असायची. तिथून उचलायचा मोह होईल. चालेलही. पण उद्या जावा काढून टाकली तर काय, म्हणून पाथमध्ये (विंडोजने शोधायच्या फोल्डरांच्या यादीत) जावाचा फोल्डर घालून काम भागवू नका, आपली कॉपी ठेवा.

आणि ती ठेवायची एक्झीच्या शेजारी, डीएलएलच्या शेजारी नाही. विंडोज आधी ज्या एक्झीने प्रोसेस सुरू केली तिच्या फोल्डरमध्ये बघते, मग सिस्टमच्या फोल्डरमध्ये, मग विंडोजच्या, मग चालू फोल्डरमध्ये आणि शेवटी पाथमध्ये. तुमची डीएलएल वेगळ्या उपफोल्डरमध्ये असेल तर तिच्या शेजारची ७१ सहसा कुणी बघत नाही. यातूनच एक छळवादी प्रकार जन्माला येतो: कंपाइल केलेली एक्झी नीट चालते, पण तोच प्रोजेक्ट व्हीबीच्या एडिटरमधून एफ५ दाबून चालवला की एरर ५३. कारण तेव्हा एक्झी तुमची नसते, व्हीबी६.एक्झी असते, आणि तिचा फोल्डर भलतीकडे असतो. एकदा मी यात पूर्ण दुपार घालवली आहे, कोड ओळीओळीने वाचत.

फाईली एकत्र करताना आणखी एक जपा. एकाच प्रोसेसमध्ये दोन वेगळ्या सी रनटाइम असू शकतात, प्रत्येकीचा मेमरीचा हिशेब वेगळा. ७१ वाल्या डीएलएलने मॅलॉकने घेतलेली मेमरी दुसऱ्या रनटाइमवाल्या डीएलएलने फ्री केली, तर प्रोग्राम तिथल्या तिथे न पडता दहा मिनिटांनी असंबद्ध जागी पडतो. म्हणून ‘७१ मिळत नाही, १०० चं नाव बदलून ठेवू’ असले प्रयोग करू नका. नाव बदलून फाईल लोड होईलही. पुढे जे होईल ते शोधायला आठवडा जाईल.

८० आणि ९० या दोघींची तऱ्हा निराळी, म्हणून सांगून ठेवतो. त्या एक्झीच्या शेजारी नुसत्या ठेवून चालत नाहीत, त्यांना मॅनिफेस्ट (कुठली आवृत्ती हवी ते सांगणारी नोंद) लागतं आणि त्यांचं घर विनएसएक्सएस या फोल्डरमध्ये असतं. नुसती कॉपी केली तर ‘साइड बाय साइड कॉन्फिगरेशन’ची तक्रार येते किंवा आर६०३४ असा रनटाइम एरर. उत्तर एकच, त्या त्या वर्षाचं सर्व्हिस पॅक १ चं एक्स८६ पॅकेज टाका.

राहिली एमएसकॉमसीटीएल.ओसीएक्स. ही व्हीबी ६ ची जादा कंट्रोल, विंडोजबरोबर येत नाही. प्रोग्रामच्या सेटअपने ती आणायची असते. मूळ सेटअप असेल तर तिथून घ्या, पण आवृत्ती बघून. या फाईलीत सुरक्षेचं मोठं भोक निघालं होतं आणि एप्रिल २०१२ मध्ये मायक्रोसॉफ्टने तिचा अपडेट काढला, तेव्हा त्यानंतरची फाईल वापरा. ती सिसवाउ६४ मध्ये ठेवा आणि ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडलेल्या कमांड प्रॉम्प्टमधून, त्याच फोल्डरमधल्या रेगएसव्हीआर३२ ने रजिस्टर करा. साध्या युजरने केलं तर ८०००७०००५ सारखा काहीतरी आकडा येतो असं लोक लिहितात. खरा आकडा ८००७०००५ आहे, आणि तो परवानगी नाही एवढंच सांगतो.

रजिस्टर करायची ती फक्त कॉम (विंडोजकडच्या नोंदीतून प्रोग्रामला भाग सापडायची पद्धत) जातीची फाईल: ओसीएक्स आणि ॲक्टिव्हएक्स डीएलएल. एमएसव्हीसीआर७१ वर रेगएसव्हीआर३२ चालवलंत तर ‘डीएलएलरजिस्टरसर्व्हर हा एंट्री पॉइंट सापडला नाही’ असं येईल. ती तक्रार नाही, फाईलीची जातच वेगळी आहे. हे न कळल्यामुळे चांगली फाईल खराब समजून टाकून देणारे मी पाहिले आहेत.

सोर्स अर्धा आहे म्हणालात, म्हणजे कधीतरी प्रोजेक्ट उघडाल. तेव्हा दोन गोष्टी अडवतील. नव्या ओसीएक्समुळे तिच्या टाइप लायब्ररीचा (आत काय काय आहे त्या वर्णनाचा) आकडा बदललेला असतो, आणि व्हीबीपी या प्रोजेक्टच्या फाईलीत जुना असतो. व्हीबीपी ही साधी टेक्स्ट फाईल आहे. नव्या रिकाम्या प्रोजेक्टमध्ये ती कंट्रोल टाकून सेव्ह करा आणि त्यातली ‘ऑब्जेक्ट’ने सुरू होणारी ओळ जुन्या व्हीबीपीत आणि फॉर्मच्या फाईलीत चिकटवा. दुसरी गोष्ट लायसन्स. नुसती ओसीएक्स कॉपी करून प्रोग्राम चालतो, पण एडिटरमध्ये फॉर्मवर ती टाकता येत नाही. त्यासाठी व्हीबी ६ स्वतः इन्स्टॉल असावं लागतं. तुमच्या स्वतःच्या ॲक्टिव्हएक्स डीएलएल असतील तर कंपाइल करण्याआधी बायनरी कंपॅटिबिलिटी (जुनेच आयडी कायम ठेवणारी सेटिंग) लावा, नाहीतर प्रत्येक बिल्डला आयडी बदलतील आणि जुन्या एक्झी एरर ४२९ किंवा ४३० म्हणत बसतील.

हे सगळं इतकं गुंतागुंतीचं कसं झालं याचं उत्तर माझ्याच एका जुन्या सेटअपमध्ये आहे. व्हीबी ६ चा पॅकेज विझार्ड (सेटअप बनवणारं टूल) प्रत्येक सेटअपमध्ये सात फाईली न विचारता घालायचा. त्यात ओएलईऑट३२ सारख्या सिस्टमच्या फाईलीही असत. मी विंडोज २००० वर काम करत होतो, ग्राहकाकडे विंडोज ९८. विझार्डने माझ्या मशीनवरच्या फाईली उचलल्या. ग्राहकाकडे सेटअप म्हणाला, काही सिस्टम फाईली जुन्या आहेत, रीस्टार्ट करायचं का? त्यांनी केलं. पुन्हा सेटअप, पुन्हा तोच प्रश्न. चौथ्या रीस्टार्टनंतर त्यांनी फोन केला. व्हीबीच्या सीडीतून आलेल्या पीडीविझार्ड फोल्डरमध्ये रीडिस्ट नावाचा एक उपफोल्डर असतो, वाटण्यासाठीच्या फाईली त्यातून घ्यायच्या असतात. मला ते तेव्हा ठाऊक नव्हतं. विंडोज २००० पासून विंडोज आपल्या फाईली कुणी बदलल्या तर परत जागेवर आणून ठेवायला लागली, ती आमच्यासारख्यांच्या अशाच सेटअपमुळे.

त्याच काळातला एक अवशेष रजिस्ट्रीत (विंडोजच्या सेटिंग्जच्या साठ्यात) अजून आहे, शेअर्डडीएलएल्स नावाची नोंद. त्यात प्रत्येक शेअर्ड फाईलीपुढे ती किती प्रोग्राम वापरतात याचा आकडा असतो. इन्स्टॉल झालं की एक वाढतो, काढलं की एक कमी होतो, शून्यावर आला की ‘ही फाईल कुणी वापरत नाही, काढू का?’ असं विचारलं जातं. हाताने कॉपी केलेली फाईल या मोजणीत नसते. म्हणून जुनं काहीतरी अनइन्स्टॉल करताना हा प्रश्न आला तर ‘नको’ म्हणा. चार फाईली जास्त राहिल्याने कुणाचं नुकसान झालेलं नाही.

एवढं करूनही अडलं तर प्रोसेस मॉनिटर (प्रोग्राम कुठल्या फाईली शोधतो ते दाखवणारं टूल) चालवा. फिल्टरमध्ये तुमच्या एक्झीचं नाव, आणि पाथ डीएलएलने संपणारा. ‘नेम नॉट फाउंड’च्या ओळी ढीगभर दिसतील. त्यांना घाबरू नका, विंडोज एकामागून एक फोल्डर धुंडाळत असते त्याच्या त्या खुणा आहेत. जिच्या सगळ्या ओळी ‘नेम नॉट फाउंड’ आहेत आणि एकदाही ‘सक्सेस’ नाही, आणि जी एररच्या खिडकीच्या जरा आधी आली आहे, ती तुमची फाईल. जुना डिपेंडन्सी वॉकर (फाईलीला कुठल्या डीएलएल लागतात ते दाखवणारा) अजून अनेक जण सुचवतात. तो २००६ नंतर बदललेला नाही. नव्या विंडोजवर ‘एपीआय-एमएस-विन’ने सुरू होणाऱ्या डझनभर नावांपुढे तो खोटी लाल खूण दाखवतो, ती नावं दुर्लक्षित करायची.

लिनक्सच्या कंपायलरचं दुखणं एरर ५३ सारखंच आहे, म्हणून ते शेवटी ठेवलं. ‘फाईल’ ही कमांड त्या कंपायलरवर चालवून बघा. ‘ईएलएफ ३२ बिट’ असं दिसेल आणि पुढे इंटरप्रिटर म्हणून /लिब/एलडी-लिनक्स.एसओ.२ हे नाव. ६४ बिट लिनक्सवर ही ३२ बिटची लोडर (प्रोग्राम सुरू करून देणारी) फाईल मुळात नसते. कर्नल प्रोग्राम उघडतो, त्याचा लोडर शोधतो, मिळत नाही, आणि ‘फाईल नाही’ म्हणतो. कोणती, ते सांगत नाही. एलडीडी (लागणाऱ्या लायब्ररी दाखवणारी कमांड) चालवलंत तर ते ‘डायनॅमिक एक्झिक्युटेबल नाही’ असं उत्तर देऊन आणखी गोंधळ घालतं. डेबियन घराण्यातल्या लिनक्सवर डीपीकेजीला (पॅकेज बसवणाऱ्या टूलला) आय३८६ हे ३२ बिटचं आर्किटेक्चर जोडा, मग लिबसी६, लिबएसटीडीसी++६ आणि झेडलिब यांच्या आय३८६ आवृत्त्या टाका. बहुतेक कंपायलर तेवढ्यावर उठून बसतात.

नाही बसला तर निदान एरर सुधारेल, आता हरवलेल्या लायब्ररीचं नाव येईल. ते लिबएसटीडीसी++.एसओ.५ असेल तर ६ ला ५ नावाची सिमलिंक (दुसऱ्या फाईलीकडे बोट दाखवणारं नाव) करू नका. ५ ही जीसीसी कंपायलरच्या ३.३ पर्यंतची, ६ ही ३.४ पासूनची, दोघींचा एबीआय (कंपाइल झालेल्या कोडशी बोलायची पद्धत) वेगळा आहे. सिमलिंकने एरर जातो आणि त्या जागी सेगमेंटेशन फॉल्ट येतो. खरी जुनी लायब्ररी मिळवून कंपायलरच्याच फोल्डरमध्ये ठेवा आणि एलडी_लायब्ररी_पाथ (लायब्ररी आधी कुठे शोधायची ते सांगणारी सेटिंग) लावणारी दोन ओळींची स्क्रिप्ट करून त्यातूनच कंपायलर चालवा. तो पाथ बॅशआरसीमध्ये (प्रत्येक टर्मिनलला लागू होणाऱ्या सेटिंगच्या फाईलीत) घालू नका, नाहीतर बाकीचे प्रोग्रामही जुनी लायब्ररी उचलतील. मी स्वतः आता अशा कंपायलरसाठी त्याच्या काळातल्या लिनक्सचा कंटेनर (मुख्य सिस्टमपासून वेगळी ठेवलेली छोटी सिस्टम) बनवतो आणि सोर्सचा फोल्डर आत जोडतो. तुमच्या विंडोजच्या प्रोग्रामला प्रत्यक्ष काटा जोडायचा असल्याने तिथे ही पळवाट कितपत चालेल, ते काटा कुठल्या पोर्टवर आहे त्यावर ठरेल. सिरियल पोर्ट असेल तर व्हर्च्युअल मशीनला तो सहज देता येतो.